डाव्या हातातली पिशवी

गौरक्काने एका सकाळी आमच्या पायरीवर अवरेकाईची गोणी टेकवली, तेव्हा आईने आतून, पलंगावरूनच विचारलं, “सोगडू इदेया?” सोगडू म्हणजे थंडीत त्या शेंगेला सुटणारा तेलकट, उग्र वास, जो हाताला चिकटला की साबणाला दाद देत नाही. तो असेल तर शेंग खरी, नाहीतर नुसता हिरवा पाला. “इदे टीचर, बंदु नोडी,” गौरक्का म्हणाली. आहे, येऊन बघा. गौरक्का आमची बेंगळुरूच्या राजाजीनगरातली सख्खी शेजारीण. तिची मुलं आईच्या हाताखाली गणित शिकली, म्हणून आई तिच्या लेखी आजही टीचर. तिने थोडी वाट पाहिली. आई काही आली नाही. मग गौरक्काच मूठभर शेंगा घेऊन आत गेली आणि तिने त्या आईच्या नाकाशी धरल्या.

आई चालत नाही, हेच या लेखातलं खरं दुखणं आहे. बाकीचं सगळं त्याच्या आजूबाजूचं.

अवरेकाई म्हणजे काय, हे मला दर वर्षी पुण्याच्या मावशीला सांगावं लागतं. “म्हणजे आपला पावटाच ना?” ती म्हणते. पावटाच, पण बेंगळुरूच्या थंडीत वाढलेला, म्हणून जरा तोऱ्यात असलेला. डिसेंबर लागला की या शहराला दुसरं काही सुचत नाही. उपम्यात अवरेकाई, अक्की रोट्टीत, म्हणजे तांदळाच्या भाकरीत, अवरेकाई, चिवड्यात तळलेली अवरेकाई. दाणे रात्री भिजत घालायचे आणि सकाळी अंगठा नि बोटाच्या चिमटीत एकेक दाबायचा, की टरफलातून आतला दाणा टुणकन बाहेर. चिमटी चुकली तर तो थेट समोरच्याच्या चष्म्यावर. गौरक्का त्याचं सारु, म्हणजे पातळ आमटी, करते, आई डाळिंब्यांची उसळ करते, गूळ आणि मावशीने पाठवलेलं आमसूल घालून. कुणाचं बरं, यावर दोघींचं माझ्या लहानपणापासून भांडण आहे आणि ते मिटावं असं दोघींनाही वाटत नाही. भिंतीवरून वाट्या जातात, वाट्या येतात, आणि प्रत्येक वाटीबरोबर “चेन्नागिदे, पण…”, म्हणजे छान आहे, पण, असा एक शेरा.

यंदा भिंतीवरून एकीकडूनच वाटी येत होती.

दिवाळीच्या आधी आई भाजी घेऊन येताना पडली. आमच्या रस्त्यावर एक जुनं झाड आहे आणि त्याच्या मुळांनी फुटपाथची फरशी उचलली आहे. ती उचललेली फरशी आईला तोंडपाठ होती. त्या दिवशी कुणीतरी हाक मारली, आईने मान वळवली, आणि संपलं. खुब्याचं हाड मोडलं. पिशवीतला टोमॅटो मात्र एकही फुटला नाही, हे तिने मला स्ट्रेचरवरून सांगितलं. ऑपरेशन छान झालं. डॉक्टर खूश, एक्स-रे खूश. फिजिओथेरपीवाला किरण रोज सकाळी येतो, वॉकर पलंगापाशी आणून ठेवतो आणि गोड आवाजात म्हणतो, “स्वल्प एळी, अम्मा.” जरा उठा. आई त्याच्याहून गोड आवाजात म्हणते, “नाळे.” उद्या. तो धरून उभं करतो, खुर्चीत बसवतो, व्यायाम करून घेतो. एवढं होतं. पाऊल मात्र टाकायचं नाही.

“हाड जुळलंय म्हणतात, मग अडतंय कुठे?” मी एकदा चिडून विचारलं.

“जुळलंय ते डॉक्टरला माहीत आहे, मिनू,” ती म्हणाली. “मला कुठे माहीत आहे?”

मला भीती वाटत होती, हे सरळच सांगते. ही बाई आता पलंग ते खिडकी एवढ्याच जगात राहील, आणि मी तिला रोज “चहा आणू का” विचारत राहीन, अशी भीती. भीती वाटली की मला राग येतो. आणि राग आला की मी कामाला जाते, कारण तिथे माझं ऐकणारी माणसं पगारावर ठेवलेली आहेत.

माझं काम म्हणजे कार्टून. नातेवाइकांत मी ‘ती कार्टूनवाली’. शुद्ध भाषेत, मी सुपरहिरोंच्या ॲनिमेटेड मालिका आणि आता सिनेमा दिग्दर्शित करते. याचं मूळ बहुतेक बाबांत आहे. ते इथल्या विमानांच्या कारखान्यात इंजिनिअर होते, पंख तपासायचे. आमच्या घरात जेवताना उड्डाणाच्या गप्पा व्हायच्या, जशा इतरांकडे भावकीच्या होतात. बाबा गेले, पण माझ्या डोक्यातलं ते उडणं काही गेलं नाही. चित्रकलेचं शिक्षण संपवून मी नोकरीला लागले ती परदेशी मालिकांचं काम करणाऱ्या एका स्टुडिओत. तिकडून एका महाबली पुरुषाची दोन चित्रं यायची. एकात मूठ मागे, दुसऱ्यात मूठ पुढे. मधली सगळी चित्रं आम्ही काढायची. आईला हे समजावलं तेव्हा ती म्हणाली, “म्हणजे गाळलेल्या जागा भरा.” शिक्षिकाच ती. पण नेमकं बोलली. पुढे मी स्टोरीबोर्ड, म्हणजे प्रसंगांची कच्ची चित्रं, काढले, मग दुसऱ्यांच्या मालिकांचे भाग दिग्दर्शित केले, पण बरीच वर्षं गाळलेल्या जागाच भरत होते. त्या महाबलीने कुणाला मारायचं आणि का, हे कुणी आम्हाला विचारत नव्हतं.

मग एका चॅनेलने माझी स्वतःची गोष्ट घेतली. नाव ‘चक्री’. अंगात वारा शिरलेली एक मुलगी. ती हात पसरते, गिरकी घेते आणि शहरावरून उडते.

तो हिवाळा मला यंदा आठवला, तो या वासामुळे. असाच डिसेंबर, असाच सकाळी स्वेटर आणि दुपारी घाम. आमचा छोटा स्टुडिओ एचएसआर लेआउटमध्ये एका दंतवैद्याच्या डोक्यावर होता. खाली दात कोरायचं यंत्र सुरू झालं की वर आमच्या चक्रीचे संवाद थांबायचे. मी रोज राजाजीनगरातून आडवं शहर ओलांडून जायचे, डब्यात उसळ घेऊन. डबा उघडला की सगळा मजला सोगडूने भरून जायचा आणि खालून दंतवैद्य वर यायचा, तक्रार करायला नव्हे, वाटी घेऊन. आम्ही तरुण होतो, निदान माझी माणसं तरी होती, आणि आपण काहीतरी भन्नाट करतोय या कैफात आम्हाला थंडीसुद्धा कळत नव्हती.

तिथेच एक गोष्ट कळली. माणसाला उडवणं सोपं असतं. हात पुढे, मुठी आवळलेल्या, एकच चित्र. वर कपडे फडफडवा आणि मागचे ढग सरकवा. उडालं. उडणारा माणूस कुणी पाहिलेलाच नाही, त्यामुळे चूक काढणार कोण? चालणं मात्र सगळ्यांनी पाहिलेलं असतं. चाल जरा फसली तर शेंबडं पोरही म्हणतं, हे खोटं आहे. आमची चक्री झकास उडायची आणि जमिनीवर उतरली की कळसूत्री बाहुली व्हायची. आमच्या धंद्यात यावर एक उपाय आहे. आपल्याला हवी ती हालचाल कुणाकडून तरी करून घ्यायची, तिचं चित्रीकरण करायचं आणि समोर ठेवून काढायची. सगळे ॲनिमेटर हे करतात. बंद खोलीत स्वतःच उड्या मारणारे, स्वतःलाच थोबाडीत देणारे सज्जन लोक मी पुष्कळ पाहिले आहेत. मी चालीसाठी स्टुडिओतल्या सगळ्यांना चालवून पाहिलं. कॅमेरा दिसला की जो तो मॉडेलिंगला आल्यासारखा चाले.

एका सकाळी मी फाटकात उभी होते आणि समोरून आई आली. हातगाडीवरून अवरेकाई घेऊन, आपल्याच तंद्रीत. मी मोबाइल काढला आणि ती फाटकापर्यंत पोचेतो धरून ठेवला. “काय गं?” ती म्हणाली. “काही नाही,” मी म्हणाले. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय.

ती चाल चक्रीला इतकी बसली की आम्ही हरखलो. आणि मग आम्ही ते केलं, जे फक्त आमच्या जातीचेच लोक करतात. एकदा चाल तयार झाली की ती कॉम्प्युटरवर साठवून ठेवता येते आणि कुठल्याही पात्राच्या अंगावर चढवता येते. आम्ही तिला ‘आई-चाल’ नाव दिलं. चक्रीला दिली, मग चक्रीच्या मैत्रिणीला. वेळ कमी, भाग पुष्कळ. मग दूधवाला, पोलीस, भाजीवाली, खलनायकाचे पहारेकरी. दुसऱ्या वर्षापर्यंत ते अख्खं शहर माझ्या आईसारखं चालत होतं आणि कुणाच्या काही लक्षात आलं नव्हतं.

आलं ते स्वप्नीलच्या. हा नागपूरचा मुलगा, आमच्याकडे ॲनिमेटर म्हणून नवा लागलेला. तिसऱ्या का चौथ्या दिवशी माझ्या टेबलापाशी येऊन उभा राहिला. “मॅडम, रागवू नका. सकाळपासून बघून राहिलो. या गावात सगळ्यांचाच डावा खांदा दुखते का?”

मी पडद्यावर पाहिलं. खरंच की. प्रत्येकाचा डावा खांदा खाली ओढलेला, अंग उजवीकडे कललेलं, उजवा हात झुलतोय आणि डावा मात्र नुसता लोंबतोय. मला थोडा वेळ लागला. मग मी खुर्चीत बसून हसले ते डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. आईच्या डाव्या हातात पिशवी होती. शेंगांनी भरलेली, जड. चित्र काढताना आम्ही पिशवी पुसली होती. ओझं तसंच राहिलं होतं.

आता ते बदलायचं म्हणजे वरातीमागून घोडं. राहू दिलं. पुढे एका शाळेत मुलांना भेटायला गेले, तर मुलं चक्रीसारखी चालून दाखवायला लागली आणि झाडून सगळ्यांनी डावा खांदा पाडला. मी त्यांना काही सांगितलं नाही. आईलाही सांगायचं राहूनच गेलं. तिने माझी मालिका कधी धड पाहिली नव्हती. “तुझ्या त्या उडाउडीतलं मला काही कळत नाही,” म्हणायची आणि उठून कणीक भिजवायला जायची.

एक मात्र तिने तेव्हा विचारलं होतं. मी घरी काम करत होते आणि पडद्यावर चक्री सारखी चालत होती, चालतच होती. “ही पोचणार कुठे?” आईने विचारलं. मी म्हटलं, कुठेच नाही, ती जागच्या जागी पाय हलवते आहे, सरकतं ते मागचं चित्र. आई बराच वेळ बघत राहिली. “बिचारी,” म्हणाली.

यंदा आईला पलंगावर बघताना मला ते ‘बिचारी’ फार वेळा आठवलं. खिडकीबाहेर सगळं सरकत होतं. शाळेची बस, फुलवाला, समोरच्या घराचा रंग. ती तिथेच.

आणि योग असा, की माझा सिनेमासुद्धा तिथेच अडला होता. चक्रीचा पहिला मोठा सिनेमा, त्याचा शेवट. तिच्या अंगातला वारा कायमचा गेला आहे, शहर वाचलं आहे, आणि आता तिला घरी जायचं आहे. पायी. निर्मात्यांचं म्हणणं, वारा परत आणा, मुलांना उडण्यातच मजा येते. मी हटून बसले होते, की नाही, ती चालत जाईल. पण कशी चालेल, हे मला दाखवता येत नव्हतं. नाचता येईना म्हणून अंगणाला नावं ठेवत होते, निर्मात्यांशी भांडत होते. खरी गोष्ट अशी, की आयुष्यभर उडणारी माणसं रंगवून मला न उडणारं माणूस काढता येत नव्हतं.

आईमुळे मी हल्ली घरूनच काम करते. गौरक्काने गोणी आणली त्याच्या दुसऱ्या दिवशी स्वप्नील लॅपटॉप घेऊन आमच्याकडे आला. आता तो काही नवा राहिलेला नाही, माझा उजवा हात आहे. किरणने आईला खुर्चीत बसवून ठेवलं होतं. मांडीवर परात, भिजलेले दाणे, आणि बोटं सटासट चालत होती. आईच्या हातांना काही झालं नव्हतं. स्वप्नीलने शेवटचा प्रसंग लावला. तात्पुरती म्हणून त्याने चक्रीला जुनीच आई-चाल चढवली होती. ती संध्याकाळच्या रस्त्यावरून घराकडे निघाली.

आईची बोटं थांबली. “हिच्या हातातली पिशवी कुठे गेली?”

स्वप्नीलने माझ्याकडे पाहिलं, मी स्वप्नीलकडे. मग सगळंच सांगावं लागलं. फाटक, मोबाइल, पुसलेली पिशवी, दूधवाला, पोलीस, शाळेतली मुलं. आई अशी हसली, की परात हिंदकळली. पडल्यापासून ती पहिल्यांदा हसत होती. “म्हणजे इतकी वर्षं सगळं गाव माझी पिशवी वाहतंय,” ती म्हणाली. डोळे पुसले. मग पडद्याकडे पाहत हळूच म्हणाली, “पण आता मी अशी चालत नाही.”

“आता तू चालतच नाहीस,” मी म्हणाले.

बोलून गेले. शब्द परत घेता येत असते तर मी तिथल्या तिथे घेतले असते. आईने मान खाली घातली आणि एक दाणा दाबला. तो उडून टेबलाखाली गेला. कुणी उचलला नाही.

मग स्वप्नील वाकला, त्याने तो दाणा शोधून परातीत टाकला आणि तसाच उकिडवा बसून म्हणाला, “काकू, एक मदत करता का? आमचं काम अडून राहिलं. वारा गेल्यावर बाई घरी कशी जाते, ते आम्हाला काही जमून नाही राहिलं. तुम्ही आता कशा चालता, ते दाखवाल का?”

मी त्याला डोळ्यांनी दटावणार होते. पण आईचा चेहरा बदलला होता. वर्गात एखाद्या पोराने खरंखुरं अडलेलं गणित आणलं की तिचा असा चेहरा व्हायचा. माझ्या तेव्हा लक्षात आलं. आम्ही सगळे, मी, किरण, डॉक्टर, गौरक्का, तिला तिच्या भल्यासाठी चालायला सांगत होतो. तुझ्या चालण्याची आम्हाला गरज आहे, असं तिला कुणी म्हटलंच नव्हतं.

“कुठून कुठे?” आईने विचारलं.

“इथून किचनपर्यंत.”

“हातात काय आहे तिच्या?”

“काहीच नाही, काकू.”

“मग कशाला जायचं?” आई म्हणाली. “काही न्यायचं नसेल तर माणूस उठतं कशाला?”

आईने परातीकडे पाहिलं. मग मला म्हणाली, “मिनू, ती दारामागची पिशवी आण.” तीच पिशवी, आई पडली त्या दिवसापासून खिळ्यावर टांगलेली. मी आणली. आईने सोललेले दाणे डब्यात भरून झाकण लावलं, डबा पिशवीत ठेवला, पिशवी वॉकरच्या डाव्या बाजूला अडकवली. “किरणला सांगू नकोस,” ती म्हणाली आणि दोन्ही हातांनी वॉकर धरला.

मला चाल म्हणजे काय हे पाठ आहे. टाच टेकते, भार येतो, दुसरा पाय पुढून जातो, टाच सुटते. यातलं तिथे काहीच नव्हतं. आधी वॉकर पुढे. मग पाय नुसता जमिनीला लागून विचारायचा, धरशील ना. मग थांबणं. मग ओठ मिटून भार टाकणं. मध्येच ती दुसऱ्या एका खुर्चीच्या पाठीपाशी थांबली, त्या खुर्चीलाच सांगावं तसं म्हणाली, “थांब जरा.” स्वयंपाकघराचा उंबरा आला तेव्हा तिने त्याच्याकडे बराच वेळ पाहिलं, त्या फुटपाथच्या फरशीकडे पाहावं तसं. मी मागून दोन्ही हात पसरून चालत होते आणि हात लावायची मला हिंमत होत नव्हती. पिशवी हलत होती. घरातलं बाकी काही जागचं हललं नाही. भिंती, बाबांचा फोटो, फ्रिज, सगळं होतं तिथेच होतं. पुढे सरकत होती ती आई.

ओटा हाताला लागला तेव्हा तिने डोळे मिटून घेतले. “दमले गं,” म्हणाली. आणि लगेच, “पातेलं काढ.”

मी पातेलं काढायला खाली वाकले आणि कपाटात तोंड घालून रडले. बरं झालं, पातेलं मागेच होतं.

त्या दुपारी भिंतीवरून वाटी गेली. गौरक्काचा शेरा आला, “चेन्नागिदे, पण बेल्ला जास्ती.” गूळ जास्त. आई तिच्यावर संध्याकाळपर्यंत भुणभुणत होती आणि मला ते ऐकून ऐकून पोट भरल्यासारखं वाटत होतं. दुसऱ्या दिवशी किरणला ती परत “नाळे” म्हणाली. तिसऱ्या दिवशी फाटकापर्यंत जायचं म्हणाली, कारण गौरक्काला तोंडावर उत्तर द्यायचं होतं. हे असंच चालणार, दोन पावलं पुढे आणि एक मागे. फुटपाथची ती फरशी अजून बाहेर वाट बघत आहे आणि मला तिची अजून भीती वाटते.

स्वप्नीलने आईचं चालणं मोबाइलवर घेतलं होतं. चार दिवस तो ते समोर ठेवून काढत बसला आणि मग मला म्हणाला, “मॅडम, ही चाल साठवून नाही ठेवता येणार. एकही पाऊल दुसऱ्यासारखं नाही.” मी म्हटलं, नको ठेवूस. ही एकटीचीच राहू दे. निर्मात्यांना पहिला कच्चा प्रसंग दाखवला. मग एकाने विचारलं, सुपरहिरोच्या हातात भाजीची पिशवी कशाला? मी म्हटलं, घरी चालली आहे ती. वाऱ्याचं नाव मग कुणी काढलं नाही.

काल तेच चित्र आईला दाखवलं. ती खुर्चीपर्यंत स्वतः चालत आली, चष्मा लावला, आणि पेपर तपासावा तसं चक्रीला वरपासून खालपर्यंत तपासलं. पाय बरोबर, म्हणाली. थांबणं बरोबर. मग तिने पडद्यावर, डाव्या हाताच्या खाली, बोट टेकवलं.

“ही रिकामी वाटते,” आई म्हणाली. “भरलेली काढ. रिकाम्या पिशवीसाठी कोण एवढं चालेल?”